निजवणीची शेवटची ओळ

सकाळपासून वहिनीने दुधाचे पातेले कितीदा तरी फिरवून ठेवले, पण दूध काही नीट राहायला तयार नव्हते. एका काठाला चढायचे, दुसऱ्या काठाला तळ दिसायचा. दूध बिचारे सरळच होते, ओटा तिरका झाला होता. तिने पातेल्याखाली लाकडाची ढलपी सरकवली आणि कोणी पाहिले नाही ना म्हणून मागे बघितले. घरात हे आता सगळेच करत होते. जो तो आपापल्या वस्तूखाली ढलपी सरकवत होता आणि कोणी कोणाला काही बोलत नव्हते.

मामा कूस बदलायला लागला होता. डोंगराला या गावात डोंगर म्हणायची पद्धत नव्हती. मामा म्हणायचे, कारण मामाचे मन सांभाळावे लागते. पिढीतून एकदा त्याची झोप चाळवते, आणि तेव्हा या घराने वाद्ये वाजवून त्याला निजवायचे, असे चालत आले होते. वहिनीचे सासरे अण्णा, त्यांच्या वडिलांनी मागच्या वेळी निजवण वाजवली तेव्हा सुरुवात करायला जरा उशीर झाला. पाववाल्यांची जुनी आळी अजून मामाच्या कुशीखाली आहे.

बाहेर कारखान्यात थोरला, तिचा नवरा, दाराला रंधा मारत होता. दार चौकटीत अडकत होते म्हणून दार तासायचे. ज्याला वाद्ये बनवता येतात त्याला प्रत्येक दुखण्यावर रंधा हेच औषध वाटते. वहिनी त्याला सांगणार होती की अहो, दाराची काय चूक, चौकट सरकलीय. तेवढ्यात डोंगरावरचा राखणदार धापा टाकत आला. वरचे सगळे झरे गढूळ झाले होते. गावप्रमुखांनी विचारले होते, खालच्या आळ्या रिकाम्या करायच्या का?

थोरल्याने रंधा बाजूला ठेवला, अंगावरचा भुसा झटकला आणि ऐटीत म्हणाला, "काही गरज नाही. दिवेलागणीच्या आत आम्ही वाजवतो. लोकांना म्हणावं, दारं लावून घरी बसा."

राखणदार हात जोडून गेला. वहिनी मात्र आतल्या दाराशीच उभी राहिली.

निजवणीची शेवटची ओळ तिच्या नवऱ्याला येत नव्हती. हे गावाला माहीत नव्हते, तिला होते.

ती ओळ तालमीत कधी वाजवायची नसते. या घरातली मुले बोटे पुरायला लागल्यापासून निजवण घोटतात, आणि दरवेळी शेवटच्या ओळीच्या तोंडाशी येऊन थांबतात. मामाला ती फुकट ऐकवायची नाही. रोज घेतले की औषध लागत नाही, असे अण्णा म्हणायचे. ओळ एकालाच ठाऊक असते, आणि तो आपल्यामागे एकाच मुलाला ती देतो. ज्याला ओळ मिळाली त्याचे मोठे वाद्य, त्याचा मान. ती अण्णांनी आपल्याला न देता बहिणीला दिली, हे थोरल्याने लग्नानंतर वर्षभरातच बायकोला सांगितले होते, आणि वर बजावले होते की हा विषय पुन्हा काढायचा नाही. तिने काढला नाही. पण बहीणभावाचे बोलणे का तुटले, नणंद थोरला बाजारात गेल्याचे बघूनच वडिलांना भेटायला का येते, हे तिला त्या दिवसापासून कळत होते. दिले असेल एखाद्याने एखादीला, त्यात एवढे काय, असेही तिला वाटायचे. पण ते ती बोलली असती तर जेवण झाले नसते.

तिने धाकट्या दिराला हाक मारली. धाकटा नाचघरात बासरी वाजवतो आणि दुपारी झोपतो. खाट उताराला लागून भिंतीला टेकली तरी त्याची झोप मोडली नव्हती.

"वन्संना घेऊन या," ती म्हणाली. "आत्ताच्या आत्ता. म्हणावं, दादाने बोलावलंय."

"दादाने बोलावलंय?" धाकट्याने डोळे चोळत विचारले.

"मी सांगतेय ना."

*

सूतिकागृहात पाळण्यांना पाचरी मारून ताईचे हात भरून आले होते. पाळणे भिंतीकडे घरंगळत होते, आणि आतली मुले सकाळभर खुशाल झोपली होती. बायांना तिने दुपारीच मुलांसकट घरी लावून दिले होते. दोघी मात्र राहिल्या होत्या. एकीच्या कळा रात्रभर चालल्या होत्या. दुसरीचा ताप उतरत नव्हता. त्यांना खाटेवरून उचलणे म्हणजे जिवाशी खेळ. सूतिकागृहाची मागची भिंत मामाच्या पायाला लागून होती, आणि त्या भिंतीला सकाळी एक भेग होती ती आता तिच्या करंगळीइतकी रुंद झाली होती.

ती सारखी त्या भेगेत करंगळी घालून बघत होती. परिचारिकेने असे करू नये, बायका बघतात, हे तिला कळत होते. तरी ती बघत होती.

धाकटा आला आणि त्याने सगळे एका दमात सांगितले. दादाने राखणदाराला शब्द दिला, आळ्या रिकाम्या करू नका म्हणाला, आणि तुला बोलावलंय. ताईला आधी हायसे वाटले. इतके की ती पाळण्याच्या कडेवर टेकलीच. दादाने शब्द दिलाय म्हणजे प्रश्न मिटला. ओळ दादाकडेच होती. थोरला मुलगा तो, घर त्याला, कारखाना त्याला, ओळ तरी दुसऱ्या कोणाला मिळणार? अण्णांनी तिला कधी तसे सांगितले नव्हते, पण सांगायची गरजही नव्हती. तिच्याहून चांगला गज कोणाचा चालत नाही असे अण्णा चारचौघांत म्हणायचे, आणि शेवटी द्यायची वेळ आली तेव्हा मुलाला दिली. त्या रागात तिची उमेदीची सगळी वर्षे गेली होती. आज पहिल्यांदा तिला वाटले, बरे झाले दिली.

कळा देणारीच्या कपाळावरचा घाम तिने पुसला, मदतनीस बाईला दहादा बजावले आणि आपले वाद्य खांद्याला अडकवून निघाली. रस्त्यात घरोघरी दारे लावलेली होती. आत माणसे बसली होती, दादाच्या शब्दावर. एका खिडकीतून कोणा म्हातारीने तिला बघून हात हलवला, लग्नाला निघालेल्याला हलवावा तसा.

*

अण्णांची खुर्ची कारखान्याच्या मध्यावर आणून ठेवली होती. खिडकीतून मामा पुरता दिसत होता. हिवाळ्यात झटका आल्यापासून अण्णांची उजवी बाजू गेली होती आणि वाचाही. डोळे मात्र तसेच होते, कोणाचा सूर उतरलाय ते पाठीमागूनसुद्धा ओळखणारे. ताईने वाकून त्यांच्या अंगावरची शाल सारखी केली. थोरल्याने भिंतीवरून मोठे वाद्य उतरवले, तारा पुसल्या, गजाला राळ लावली. मग खाकरला आणि वाद्य बहिणीच्या पुढ्यात आणून उभे केले.

"घे," तो म्हणाला. त्याला हे म्हणायला किती जड गेले असेल ते वहिनी दारातून बघत होती. "माझी काही हरकत नाही. मी तुझी साथ करतो."

ताईला वाटले, हा टोमणा आहे. इतक्या वर्षांनी बोलावतो, आणि वर असा.

"दादा, आज नको हं," ती म्हणाली. "माझ्या दोन बायका पडून आहेत तिकडे. तुझं वाद्य आहे, तू वाजव."

"माझं कसं? ज्याची ओळ त्याचं वाद्य."

"तेच म्हणतेय मी."

धाकट्याला हसू फुटले. त्याला भीती वाटली की हसू येते, लहानपणापासून. पण ते दोघे एकमेकांकडे बघत राहिले आणि त्याचे हसू आपोआप विरले.

"चिमणे," थोरला बहिणीला म्हणाला. "ओळ अण्णांनी तुला दिलीय."

"मला? तुला दिलीय."

"नाही."

"दादा, खरं सांग."

"शपथ घेऊ का आता?"

मामा तेव्हाच हलला. आवाज झाला नाही, फक्त कारखान्यातली सगळी टांगलेली वाद्ये एकदम एका बाजूला झुकली आणि त्यांच्या तारा आपोआप गुणगुणल्या. टेबलावरची सरसाची वाटी घसरत काठाला आली आणि खाली पडली. ती कोणीच उचलली नाही.

 थोरला कातकामाच्या ओट्यावर बसला. त्याच्या डोळ्यांसमोर खालच्या आळ्या होत्या, दारे लावून बसलेली माणसे. राखणदाराने विचारले होते. सरळ विचारले होते. तेव्हा बहिणीकडे जाऊन दोन शब्द बोलायचे, तर याने मान वाकवायला नको म्हणून गावाला शब्द दिला. वाटले होते, ऐन वेळी ती येईलच, वाजवीलच, आणि आपण मोठेपणाने साथ करू. आता सूर्य मामाच्या खांद्याला टेकला होता. खालच्या आळीतून वर यायला रस्ता एकच, तोही बैलगाडीपुरता.

ताई पहिल्यांदा चिडली ती भावावर. माहीत नव्हते तर शब्द दिलास कशाला? थोरला म्हणाला, तुला माहीत नव्हते तर इतकी वर्षे तोंड फिरवून का बसलीस? धाकटा मध्ये पडला, तर दोघेही त्याच्यावर उलटले. तुला काय, तू नाचघरात निवांत. तेव्हा धाकटा ताईच्या बाजूचा झाला, मग थोरल्याच्या, आणि मग कोणाच्याच नाही. असे या घरात नेहमी होते. फक्त नेहमी बाहेर मामा जागा नसतो.

"आणि तुम्ही दोघांनी," वहिनी दारातूनच म्हणाली, "त्यांना कधी विचारलंत?"

सगळे तिच्याकडे वळले. या घरात वहिनी वाजवण्याच्या बाबतीत कधी बोलत नसे.

"ते चालते बोलते होते तेव्हा विचारलंत का, की अण्णा, ओळ कोणाला दिली? वन्सं, तुम्ही? अहो, तुम्ही? एकमेकांवर रुसलात, पण त्यांना विचारलं नाहीत. त्यांच्याने निवडवलं नसेल. एवढं साधं आहे. दोन मुलं सारखीच गुणी निघाली, त्यातलं एक निवडायचं होतं आणि ते बाप होते. आज देऊ, उद्या देऊ करत राहिले."

तिला स्वतःच्याच बोलण्याची भीती वाटून ती थांबली. पण अण्णांच्या डोळ्यांतून पाणी वाहत होते. एका डोळ्यातले गालावरून नीट ओघळत होते आणि दुसऱ्यातले सैल पडलेल्या ओठाच्या कोपऱ्यात साचत होते.

ताई वडिलांपुढे गुडघे टेकून बसली. तिला त्यांचा राग आला होता आणि त्यांचे तोंड पुसावेसेही वाटत होते, म्हणून तिने आधी तोंड पुसले. पुसताना तिची नजर खुर्चीच्या डाव्या हातावर गेली. अण्णांची बोटे लाकडावर दाबली जात होती. एक, मग दुसरे, मग पहिले सरकून खाली. आजारी माणसाची बोटे थरथरतात, ती तिने शेकडो बघितली होती. ही तशी नव्हती.

"दादा," ती म्हणाली, "हे बघ."

थोरला ओट्यावरून उतरून आला. त्याने घडवलेल्या प्रत्येक वाद्यावर अण्णांनी आधी बोटे फिरवून बघितली होती. तो वाकून बघत राहिला.

"सूर धरतायत," तो म्हणाला. "खर्जाचे सूर. हा डावा हात आहे, चिमणे. यांचा डावा हात गेलेला नाही."

*

निजवण सुरू झाली तेव्हा खिडकीतले ऊन तांबूस झाले होते.

मोठे वाद्य अण्णांच्या गुडघ्यांत उभे केले, मान त्यांच्या डाव्या खांद्याला. उजव्या बाजूला थोरला गज घेऊन बसला. ताई त्याच्या मागे आपले वाद्य घेऊन, धाकटा खिडकीशी. सूर दाबायचे अण्णांनी, गज ओढायचा थोरल्याने. एका गळ्यात दोघांनी गाण्यासारखे ते होते, आणि सुरुवातीला तसेच वाजले. थोरल्याचा गज पुढे जायचा, अण्णांचे बोट मागून यायचे. ताई कळवळली. खालून, गावातून, कुठेतरी भांडी पडल्याचा आवाज आला. मग थोरल्याने तारांकडे बघायचे सोडून दिले आणि डोळे वडिलांच्या बोटांवर ठेवले. तो हात त्याने जन्मभर पाहिला होता. बोट उचलण्याआधी अण्णांचे मनगट किंचित आत वळते, हे त्याला आठवत नव्हते, पण त्याच्या हाताला ठाऊक होते.

निजवण लागली. पहिले अंग, दुसरे. घरात सगळ्यांना पाठ, वहिनीलासुद्धा, कारण भांडी घासताना तिने ती हजारदा ऐकली होती. मामाच्या अंगातून येणारी घरघर हळूहळू तिच्या लयीला यायला लागली. झोप येत असलेले मूल रडता रडता पाळण्याच्या लयीत रडायला लागते, तसे काहीसे ते होते. धाकट्याने शेवटची फेरी संपवून बासरी खाली घेतली. ताईने गज उचलला. आता पुढे एकट्या मोठ्या वाद्याने जायचे होते.

आणि थोरल्याचा हात थांबला.

त्याने थांबवला नव्हता. तोंडाशी आले की थांबायचे, हे त्या हाताला पाच वर्षांचा असल्यापासून शिकवले होते. चुकून पुढचा एखादा सूर निघाला तर अण्णांच्या छडीचा वळ उठायचा. तो हात शहाण्यासारखा थांबला. अण्णांचे बोट तारेवर दाबलेले होते, पांढरे पडेपर्यंत, आणि तार गप्प होती. थोरल्याने जोर लावला. खांदा हलेना. त्याच्या कपाळावर घाम आला, तो बोलायला गेला तर तोंडही उघडेना. बाहेर मामाची घरघर लयीतून सुटली. छतातून माती पडू लागली. दूर सूतिकागृहाच्या बाजूने कोणीतरी ओरडले.

ताईने आपले वाद्य बाजूला टाकले. या घरात वाद्य कोणी टाकत नाही. तिने मागून भावाचे कोपर दोन्ही हातांत धरले आणि ढकलले.

"चल, दादा. पुढे आहे अजून."

बाळंतिणींना ती हेच म्हणते, याच आवाजात.

गज हलला. आधी नुसता घासला, मग तार बोलली. ताई ढकलत होती आणि ओढत होती. गज कुठे वळवायचा हे तिला अण्णांच्या मनगटावरून दिसत होते, किती दाबायचा हे भावाच्या दंडातून कळत होते. ओळ गोड वगैरे नव्हती. जड होती, खाली खाली उतरत जाणारी, मध्येच एका ठिकाणी अण्णांनी सगळी बोटे उचलली आणि मोकळी तार बराच वेळ वाजत राहिली, इतका वेळ की ताईला वाटले ते विसरले. मग करंगळी आली, हळूच, आणि शेवटचा सूर धरला. त्या सुरावर ताई रडत होती आणि थोरलाही रडत होता. दोघांना एकमेकांचे तोंड दिसत नव्हते, म्हणून बरे चालले होते.

मामाने एक लांब श्वास सोडला. धुळीचा लोट खिडकीवरून गेला. घर करकरले, भिंतीवरची वाद्ये डोलली आणि एकेक करून सरळ लोंबायला लागली.

 मग वहिनी आत गेली आणि तिने पातेल्याखालची ढलपी काढली. दूध सगळ्या काठांना सारखे होते. तिने त्याचाच चहा केला. धाकटा सूतिकागृहाकडे पळत जाऊन आला. भिंत उभी होती, कळा देणारी बाळंत झाली होती, मुलगी, आणि ती मामाहून मोठ्याने ओरडत होती. हे सांगताना तो पुन्हा हसायला लागला आणि या वेळी त्याला कोणी गप्प केले नाही. सकाळी तासलेले कारखान्याचे दार आता सरळ चौकटीत लटलट करत होते. वरून वारा येत होता. थोरल्याने दाराकडे बघितले आणि नजर वळवली.

"तुला आठवतेय का?" त्याने बहिणीला विचारले. "ओळ."

ताईने आठवून बघितले. "मी तुझं कोपर बघत होते. मोकळी तार आठवते. त्याआधी खाली गेली ना, दोनदा?"

"तीनदा."

"दोनदाच, दादा."

"बोटं मी बघत होतो की तू?"

वहिनीने चहाचा पेला आपटला. म्हणजे पुन्हा तेच. आणि आता ती वाजवून बघायची सोय नव्हती. मामा झोपला होता, पुढे पिढीभर त्याच्या कानावर ती पडायला नको होती.

अण्णांच्या घशातून आवाज आला. त्यांनी डावा हात पुढे केला आणि थोरल्याचे मनगट पकडले. त्याचा हात ओढून आपल्या मांडीवर घेतला, आतली बाजू वर, आणि त्यावर बोट ठेवले. दाबले. दुसरे ठेवले. सगळ्यांना कळले. ओळ एकालाच द्यायची असते, आणि देण्याजोगा हात त्यांच्यापाशी एकच उरला होता. थोरल्याने बहिणीकडे बघितले. ताई उठायला लागली. तिचा चेहरा शांत होता. जे होते ते बरोबरच आहे, असे तिने या वेळी खरेच मनाशी म्हटले होते.

"बस," थोरला म्हणाला.

त्याने मोकळ्या हाताने तिची बाही वर सारली आणि तिचा हात आपल्या हाताला चिकटवून, शेजारी, अण्णांच्या मांडीवर ठेवला.

अण्णांनी दोन्ही हातांकडे बघितले. मग त्यांनी तळवा पसरला आणि सुरुवातीपासून पुन्हा सूर धरायला लागले. तर्जनी आणि मधले बोट मुलाच्या हातावर पडत होते, अनामिका आणि करंगळी मुलीच्या.